नसलेल्या पुस्तकाचं पान

ज्या पुस्तकाबद्दल मी हे लिहितोय ते पुस्तक जगात कुठंच नाही. कधी नव्हतंच. तरी त्याला इतिहास आहे. लेखक आहे, लेखकाचं मरण आहे, भाषांतरं आहेत, बंदी आहे, जाळपोळ आहे, आणि कोणत्या ग्रंथालयात कोणती प्रत कुलपात आहे त्याची यादीसुद्धा आहे. पुस्तकाचं नाव नेक्रोनॉमिकॉन. अमेरिकेतला हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट म्हणून एक भयकथा लिहिणारा माणूस होता, त्यानं ते डोक्यातून काढलं.

दोस्तहो, तुम्ही म्हणाल, इथं आपली पोटाची मारामारी आणि हा भुताखेताच्या पुस्तकाचं काय घेऊन बसला? जरा दम धरा. निषिद्ध ज्ञान म्हंजे काय हे ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे त्यांनी हे पुस्तक तपासायचं नाही तर कुणी तपासायचं?

१९७९ साल. मी फोर्टात एका कचेरीत शिपाई होतो. दिवसभर फायली वाहायच्या, संध्याकाळी नाईट कॉलेज. फ्लोरा फाऊंटनच्या फुटपाथवर तेव्हा जुन्या पुस्तकांचे ढीग असायचे. तिथं दीड रुपयात लव्हक्राफ्टच्या कथांचं एक फाटकं पुस्तक मिळालं. मुखपृष्ठावर राक्षस. इंग्रजी सुधारेल म्हणून घेतलं. शेजारी डिक्शनरी ठेवून वाचायला लागलो. इंग्रजी कसलं सुधारतंय! असले जड शब्द की डिक्शनरीची पानं सुटी झाली. पण हाती घेतलेलं सोडवेना.

आधी त्या पुस्तकाची वंशावळ सांगतो. ही वंशावळ लव्हक्राफ्टनं १९२७ साली एका छोट्या टिपणात लिहून ठेवली. ती छापली गेली तो मेल्यावर, १९३८ साली.

त्याच्या म्हणण्याप्रमाणं पुस्तकाचं मूळ नाव अल अझीफ. रात्री किडे किरकिर करतात तो आवाज, जो भुतांचा आवाज समजला जायचा. लिहिणारा अब्दुल अल्हझ्रेद, येमेनमधल्या सना गावचा वेडा कवी, सन ७०० च्या आसपासचा. तो बाबिलोनच्या अवशेषांत फिरला, मेम्फिसच्या जमिनीखालची रहस्यं त्यानं धुंडाळली, अरबस्तानच्या दक्षिणेकडच्या मोठ्या वाळवंटात दहा वर्षं एकटा राहिला. शेवटी दमास्कसला बसून त्यानं पुस्तक लिहिलं. ७३८ साली तो मेला. कसा? तर भर दिवसा, लोकांच्या देखत, न दिसणाऱ्या राक्षसानं त्याला धरलं आणि खाल्लं. ९५० साली कॉन्स्टँटिनोपलला ग्रीक भाषांतर झालं, तिथं नेक्रोनॉमिकॉन हे नाव पडलं. १०५० साली तिथल्या मायकेल नावाच्या धर्मगुरूनं ते जाळलं. १२२८ साली ओलाउस वर्मियसनं लॅटिनमध्ये आणलं. १२३२ साली नववा ग्रेगरी पोप यानं ग्रीक नि लॅटिन दोन्हीवर बंदी घातली. पुढं जर्मनीत, इटलीत, स्पेनमध्ये चोरून छापलं गेलं. उरलेल्या प्रतींपैकी एक ब्रिटिश म्युझियममध्ये कुलपात, एक पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात, एक हार्वर्डच्या वाइडनर ग्रंथालयात, एक ब्युनोस आयर्सच्या विद्यापीठात आणि एक मिस्कॅटॉनिक विद्यापीठात.

आता यातलं खरं काय नि खोटं काय? मायकेल नावाचा धर्मगुरू खरा, नववा ग्रेगरी पोप खरा, ब्रिटिश म्युझियम खरं, हार्वर्ड खरं. मिस्कॅटॉनिक विद्यापीठ खोटं, ते ज्या आर्कहॅम गावात आहे ते गावही खोटं. वर्मियस नावाचा माणूस खरा, पण तो डेन्मार्कचा वैद्य, १५८८ सालचा जन्म. लव्हक्राफ्टनं त्याला साडेतीनशे वर्षं मागं ढकलला. आणि वेडा अरब? ते नाव लव्हक्राफ्टनं लहानपणी स्वतःलाच घेतलं होतं, अरबी सुरस कथा वाचून, खेळण्यापुरतं. ते नाव अरबीत नीट बसतही नाही. 'उल' झाल्यावर परत 'अल'. म्हंजे अरबाचं नाव ठेवायचं, पण अरबाला विचारायचं नाही. आपल्याला हा प्रकार नवा नाही. आपली नावंसुद्धा गावानंच ठेवली. कचऱ्या, धोंड्या, दगडू.

खऱ्याच्या शेजारी खोटं बसवत जायचं, तारीख घालायची, बंदी घालायची, आणि शेवटी म्हणायचं की प्रत आहे पण दाखवता येत नाही. झालं पवित्र पुस्तक तयार! लव्हक्राफ्टला धर्माबिर्माचं काही नव्हतं, तो नास्तिक होता. पण ग्रंथाचा दरारा कसा बनवतात त्याची कृती त्याला नेमकी सापडली होती. आतला मजकूर लागतच नाही. त्याच्या सगळ्या कथा मिळून नेक्रोनॉमिकॉनमधला मजकूर म्हणून जो येतो तो एका ताव कागदावर मावेल. बाकी सगळी नुसती भीती. अमक्यानं वाचलं, तो वेडा झाला. तमक्यानं वाचलं, तो परत दिसला नाही.

वाचणाऱ्या लोकांनी मात्र खरं मानलं. कोण पत्र लिहून लव्हक्राफ्टला विचारायचं, पुस्तक मिळेल कुठं? तो बिचारा प्रामाणिकपणे कळवायचा की बाबा रे, हे मी रचलंय. मित्र-लेखकांनाही तो म्हणायचा, वापरा तुमच्या कथांत. त्यांनी वापरलं, आपापली निषिद्ध पुस्तकंही काढली, ती यानं आपल्या कथांत घेतली. कुणाचं काही बांधून ठेवलं नाही. ही एक गोष्ट त्या माणसाची मला आवडली. तो गेल्यावर टवाळ लोकांनी ग्रंथालयांच्या कपाटात खोटी कार्डं लावली. १९७७ साली न्यूयॉर्कमध्ये कुणी सायमन या नावानं चक्क नेक्रोनॉमिकॉन छापून विकायला काढलं. आत सुमेर-बाबिलोनच्या देवांचे मंत्र भरले. खपलं. अजून खपतं. नसलेल्या पोथीची पारायणं करणारे गोऱ्यांतही आहेत हे वाचून मला जरा बरं वाटलं.

माझी आई वाड्यावर शेणगोठा करायला जायची. ओसरीच्या आत देवळीत लाल फडक्यात बांधलेली पोथी असायची. आत काय आहे ते आईला माहीत नव्हतं. वाड्यातल्या बायकांनाही माहीत नव्हतं, त्यांनाही वाचता येत नव्हतं. एकदा पोथी वाळवायला उन्हात ठेवली होती. आई शेणाची पाटी घेऊन अंगणातून गेली, तिची सावली पडली. म्हातारीनं वाडा डोक्यावर घेतला. पोथीवर पाणी शिंपडलं. आई सांगायची, "कागुद भिजला त्ये चाललं रं. माजी सावली न्हाई चालली."

गौतम धर्मसूत्रात लिहून ठेवलंय की शूद्रानं वेद मुद्दाम ऐकला तर त्याच्या कानात वितळलेलं कथील नि लाख ओतावी. उच्चारला तर जीभ कापावी. आपण तर शूद्रांच्याही पलीकडे, वेशीबाहेरचे. आपल्यासाठी वेगळी शिक्षा लिहायचीही गरज नव्हती. लव्हक्राफ्टचा नायक पुस्तक वाचतो आणि मग त्याचं वाईट होतं. ते का होतं तर पुस्तकातलं सत्य भयंकर म्हणून. आपल्याकडं पुस्तकाला काही करावं लागत नव्हतं. वाईट करणारी माणसंच दारात उभी होती.

आता ज्या कथेसाठी मी हा सगळा पसारा मांडला ती सांगतो. कथेचं नाव 'द डनविच हॉरर'. लिहिली १९२८ साली, छापली 'वीअर्ड टेल्स' मासिकाच्या एप्रिल १९२९ च्या अंकात.

डनविच हे डोंगरातलं मागासलेलं खेडं. तिथं व्हेटली घराणं, कधीकाळचं बरं, आता कुजलेलं. त्यातल्या वेड्यासारख्या, पांढऱ्याफटक मुलीला पोरगा होतो. बाप कोण, गावाला ठाऊक नाही. पोराचं नाव विल्बर. पोर झपाट्यानं वाढतं, तोंड बोकडासारखं, हनुवटी नाही, कुत्री त्याच्यावर तुटून पडतात. गाव त्याच्याकडं नाक धरून बघतं. आजा त्याला घरातल्या जुन्या पोथ्यांवर शिकवतो. शाळा नाही. घरात नेक्रोनॉमिकॉनची एक इंग्रजी प्रत आहे, पण अर्धवट. नेमकं ७५१ वं पान नाही.

आजा मरतो. विल्बर ग्रंथालयांना पत्रं लिहितो. लंडन, पॅरिस, हार्वर्ड, ब्युनोस आयर्स, मिस्कॅटॉनिक. पुस्तक उसनं कोण देईना. मग तो स्वतः मिस्कॅटॉनिकला जातो. आठ फूट उंच पोरगा, मळके कपडे, हातात स्वस्तातली नवी पिशवी. आयुष्यात पहिल्यांदा डनविचच्या बाहेर पडलेला. तिथला ग्रंथपाल डॉक्टर हेन्री आर्मिटेज, पदव्यांचा ढीग असलेला. विल्बर त्याच्यासमोर बसून लॅटिन प्रत आपल्या प्रतीशी ताडून बघतो. म्हंजे बघा, रानातलं पोरगं दोन भाषांतली पानं समोरासमोर ठेवून पाठ लावतंय. आर्मिटेज त्याच्या खांद्यावरून वाकून वाचतो आणि त्याच्या अंगावर काटा येतो. विल्बर म्हणतो, पुस्तक घरी न्यायला द्या, नीट सांभाळीन. आर्मिटेज नाही म्हणतो. विल्बर म्हणतो, हार्वर्डवाले एवढे कडक नसतील. तो बाहेर पडल्यावर आर्मिटेज हार्वर्डला कळवून टाकतो, की ह्याला देऊ नका.

मग एका रात्री विल्बर खिडकीतून ग्रंथालयात घुसतो. विद्यापीठाचं राखणीचं कुत्रं त्याला फाडून मारतं. तिथंच, पुस्तकांच्या खोलीत. कपडे फाटल्यावर दिसतं की कमरेखाली तो माणूसच नाही. बघता बघता त्याचं प्रेतही विरघळून जातं. हाड उरत नाही.

हे मी कचेरीच्या जिन्यात बसून वाचलं. वाचून झालं आणि माझा हात माझ्या कमरेखाली गेला. हसू नका. खरंच गेला.

मला माहीत आहे, कथेत विल्बर वाईट आहे. पलीकडच्या भयंकर शक्तींना आत घेऊन त्याला पृथ्वी साफ करायची आहे. त्याची आईसुद्धा एका रात्री नाहीशी होते, आणि संशय त्याच्यावरच जातो. लव्हक्राफ्टनं त्याच्या बाजूनं बोलायला जागाच ठेवलेली नाही. पण वाचणाऱ्याच्या अंगाला जे लागतं ते लेखकाला विचारून लागत नाही. मला लागलं ते असं. बापाचं नाव नसलेलं पोर. गावाबाहेरचं घर. दारात कुत्रं. एका पानासाठी केलेली पायपीट. त्यात अजून एक गोष्ट. विल्बर नि डनविचची माणसं बोली बोलतात. लव्हक्राफ्टनं ती मोडक्या स्पेलिंगांत लिहिली आहे. आर्मिटेज मात्र शुद्ध बोलतो. ज्याचं इंग्रजी शुद्ध त्याच्या हातात किल्ल्या.

आणि पुढचं ऐका. विल्बर मेल्यावर त्याची सांकेतिक लिपीतली वही आर्मिटेजच्या हाती पडते. आर्मिटेज रात्रंदिवस बसून ती फोडतो. तो थकून आजारी पडतो, पण बरा होतो, वेडा होत नाही. विल्बरचा जुळा भाऊ, जो माणसांना दिसत नाही आणि गावात धुमाकूळ घालतोय, त्याला डोंगरावर जाऊन मंत्रानं संपवतो. म्हंजे ज्याला पान दिलं नाही त्याची वही मात्र घेतली. जे ज्ञान विल्बरच्या हातात जगबुडी होतं, तेच प्राध्यापकाच्या हातात जगाचं रक्षण झालं. ज्ञान तेच, मंत्र त्याच जातीचे, हात तेवढा बदलला.

माझ्या बापालाही एक पान पाहिजे होतं. त्याचं सांगतो.

आमचं घर वतनदार. वतन कसलं, तर गावाची चोवीस तासांची बिगारी आणि तिच्या बदल्यात मुरमाड जमिनीचा तुकडा. बाबासाहेबांनी १९२८ सालीच मुंबईच्या कायदे मंडळात ह्या वतनाविरुद्ध बिल आणलं होतं. वतनं गेली ती मात्र १९५८ च्या कायद्यानं. साऱ्याच्या पटीत रक्कम भरायची आणि जमीन पुन्हा आपल्या नावावर करून घ्यायची, असं होतं. आज्यानं कर्ज काढून पैसे भरले, असं दादा सांगायचा. पावती वाळवीनं खाल्ली. काही वर्षांनी त्या जमिनीत दुसऱ्याचा नांगर उतरला. दादा तालुक्याला गेला. त्याला फेरफाराचं एक पान बघायचं होतं. एकच पान. कोणत्या साली, कुणाच्या सांगण्यावरून, कुणाचं नाव गेलं नि कुणाचं आलं.

रेकॉर्ड रूमच्या दारात टेबल टाकून बसलेला माणूस म्हणायचा, दप्तर जीर्ण आहे, हात लावला की चुरा होतो. पुढच्या खेपेला म्हणायचा, साहेब नाहीत. तिसऱ्या खेपेला म्हणाला, "त्यातलं जुनं मोडीत आहे. तुला वाचता येणार आहे का?"

दादा म्हणाला, "सायेब, मला नगा देऊ. तुमच्याच हातात धरा. नुस्तं लांबून दावा."

दादाला मोडी सोडा, बाळबोधही येत नव्हतं. तरी त्याला पान बघायचं होतं. मी तेव्हा लहान होतो, त्याच्या बरोबर गेलो होतो. घरी येताना मी विचारलं, "दादा, वाचता येत न्हाई तर बघून काय करनार?" तो म्हणाला, "आरं, आज्याचा आंगठा हाय त्याच्यावर. त्यो मी वळखीन."

दादा १९९१ साली गेला. पान बघितलं नाही.

२००५ साली माहितीच्या अधिकाराचा कायदा आला. मी रिटायर व्हायच्या बेतात होतो. अर्ज टाकला. पहिलं उत्तर आलं, 'सदर अभिलेख आढळून येत नाही.' अपील केलं. चार-पाच महिन्यांनी पाकीट आलं. आत झेरॉक्स. जे दप्तर हात लावला की चुरा होत होतं ते झेरॉक्सच्या काचेखाली मात्र धड निघालं होतं. पानावर काय होतं? आज्याचं नाव, त्याला कंस. खाली दुसरं नाव. शेरा एका ओळीचा. तलाठ्याची सही, वरच्या साहेबाची सही, शिक्का. आंगठा कुठंच नव्हता. ना संमतीचा, ना जबाबाचा.

लव्हक्राफ्टच्या वेड्या अरबाला भर दिवसा, लोकांच्या देखत, न दिसणाऱ्या राक्षसानं खाल्लं होतं. मला त्या कंसाकडं बघताना तेच आठवलं. हाही दिवसाढवळ्याच झाला असणार, अकरा ते साडेपाचच्या मधे. शाई वाळवून. गाव बघत असणार.

ते पान वाचून मी वेडा झालो नाही. चारदा वाचलं. मग वकिलाकडं गेलो. ते भांडण अजून चालूच आहे, त्याचं काय व्हायचं ते होईल. पण एवढं मला कळलं, की लव्हक्राफ्टच्या सगळ्या इमारतीचा पाया जो आहे तो आपल्या जमिनीवर टिकत नाही. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की माणसाला पूर्ण सत्य कळत नाही हे त्याचं भाग्य आहे. कळलं तर तो वेडा होईल, नाही तर अज्ञानाच्या अंधारात परत पळत सुटेल. हे भाग्य ज्यांना परवडतं त्यांचं आहे. ज्याच्या पायाखाली जमीन आहे त्याला ती हलेल याची भीती. आम्हाला जे वेड लागलं ते पान न बघितल्यानं लागलं. दादा शेवटी शेवटी झोपेत तालुक्याच्या एसटीच्या वेळा बडबडायचा.

आता त्या लेखकाबद्दल सांगायलाच पाहिजे. लव्हक्राफ्ट १८९० साली ऱ्होड आयलंडच्या प्रॉव्हिडन्स गावात जन्मला. तो तीन वर्षांचा व्हायच्या आधीच बाप वेड्यांच्या इस्पितळात गेला, पाच वर्षांनी तिथंच मेला. पोरगं आज्याच्या ग्रंथसंग्रहात वाढलं. आजा १९०४ साली गेला, पैसा गेला, राहतं घर सुटलं. प्रकृती बिघडली म्हणून हायस्कूलही पुरं झालं नाही. गावातच ब्राऊन विद्यापीठ, पण ह्याला कधी आत जाता आलं नाही. आयुष्यभर गरिबी, दुसऱ्यांच्या कथा दुरुस्त करून देऊन पोट भरणं. १९३७ साली आतड्याच्या कॅन्सरनं मेला, वय ४६.

म्हंजे बघा, आज्याकडं शिकलेला, शाळा नसलेला, विद्यापीठाच्या दाराबाहेर उभा असलेला. हा तर विल्बरच झाला! पण लिहायला बसल्यावर ह्यानं स्वतःला आर्मिटेजच्या खुर्चीत बसवलं. खिशात दमडी नाही, पण आपण जुन्या इंग्रज रक्ताचे, हा ताठा शाबूत. असली माणसं आपण आपल्या गावातही बघितली आहेत. वाडा पडलेला, कूळकायद्यात जमीन गेलेली, पण सोवळं कडक. १९१२ साली त्यानं काळ्या लोकांवर एक अशी घाणेरडी कविता लिहिली की तिचं नावही इथं घेववत नाही. १९२४ ते १९२६ तो न्यूयॉर्कला होता. बायको स्वतः रशियाच्या साम्राज्यातून आलेली ज्यू. तरी ब्रुकलिनच्या रस्त्यावरची सीरियन, स्पॅनिश, इटालियन, काळी माणसं बघून त्याला ओकारी यायची. त्यातून १९२५ साली त्यानं 'द हॉरर अ‍ॅट रेड हुक' लिहिली. त्या कथेत भूत म्हणून दाखवलंय ते गरिबांची वस्ती. रेड हुकच्या जागी आपली कुठलीही झोपडपट्टी घाला, आणि ती कथा आपल्याकडच्या एखाद्या वर्तमानपत्रात बातमी म्हणून छापून येईल.

त्याच न्यूयॉर्कमध्ये दहा वर्षं आधी, १९१३ ते १९१६, बाबासाहेब होते. कोलंबिया विद्यापीठात. रस्ते तेच, गर्दी तीच, परदेशातून आलेली माणसं तीच. एकाला त्या गर्दीत राक्षस दिसले. दुसरा त्याच गर्दीतला एक होता आणि ग्रंथालयात जाऊन बसला. तिथं कुणी त्याला पाणी वरून ओतलं नाही.

आणि १९२७ साल. ज्या वर्षी लव्हक्राफ्ट प्रॉव्हिडन्सला बसून आपल्या खोट्या पुस्तकाला खोटी आग लावत होता, त्याच वर्षी २५ डिसेंबरला महाडला खरं पुस्तक जळालं. मनुस्मृती. दहनाचा ठराव मांडला तो सहस्रबुद्ध्यांनी, जन्मानं ब्राह्मण असलेल्या माणसानं. ह्या दोन आगींतला फरक मी पुष्कळ दिवस डोक्यात घोळवत होतो. कॉन्स्टँटिनोपलचा धर्मगुरू पुस्तक जाळतो ते दुसऱ्या कुणी वाचू नये म्हणून. महाडला जाळलं ते वाचून, अर्थ लावून, सगळ्यांना सांगून. जाळण्याआधी त्यातले श्लोक काय म्हणतात हे लोकांपुढं ठेवून. मनुस्मृती त्यानंतरही छापली जाते, दुकानात मिळते, मीही विकत घेतली आहे. पण तिचा दरारा त्या खड्ड्यात गेला.

नेक्रोनॉमिकॉनचा दरारा कुणी उतरवला? तिकडच्या काळ्या लेखकांनी. वर्ल्ड फँटसी अवॉर्ड म्हणून मोठा पुरस्कार आहे, त्याचं चिन्ह लव्हक्राफ्टचा मुखवटा होता. २०११ साली तो नायजेरियन वंशाच्या न्नेडी ओकोराफोर हिला मिळाला. तिला ती जुनी कविता कळली आणि तिनं उघड विचारलं की हा माणूस माझ्या घरात कुठं ठेवू? बरीच भांडणं झाली. २०१५ साली तो मुखवटा बंद करायचं ठरलं. आणि २०१६ साली व्हिक्टर लाव्हाल या काळ्या लेखकानं 'द बॅलड ऑफ ब्लॅक टॉम' लिहिली. 'रेड हुक'चीच गोष्ट, पण हार्लेममधल्या एका काळ्या पोराच्या बाजूनं. तो पोरगा एका बाईला जादूचं पुस्तक पोचवतो, पण शेवटचं पान काढून घेऊन. त्या पानापायी त्याच्या म्हाताऱ्या बापाचा जीव जातो. गोरा माणूस बापाच्या गिटारला बंदूक समजतो आणि गोळ्या घालतो. पान आणि बाप! दोस्तहो, हे मी वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बराच वेळ खिडकीत बसलो होतो. मी लाव्हालला ओळखत नाही, त्याला आमचा तालुका माहीत नाही. पण कुलपाच्या कोणत्या बाजूला आपण उभे आहोत ते दोघांनाही पक्कं माहीत होतं.

लाव्हालनं लव्हक्राफ्टला टाकून दिलं नाही. त्याच्या घरात शिरला, वही उघडली आणि आपल्या अक्षरात लिहिलं. मला वाटतं आपणही तेच करावं. मी डनविचची गोष्ट विल्बरच्या बाजूनं, आमच्या बोलीत लिहायला घेतली आहे. त्यात तो जगबुडी करणार नाही असं मी म्हणत नाही. एवढंच म्हणतो की त्याला पान दाखवल्यावर काय झालं असतं ते आधी बघू.

आणि ज्यांच्या घरचं पान अजून कुठल्या तरी दप्तरात आहे त्यांनी माझ्यासारखी वर्षं घालवू नयेत. अर्ज साध्या कागदावर चालतो. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावायचं. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. 'आढळून येत नाही' आलं तर अपील टाकायचं. ते पण नाही म्हणाले तर दुसरं अपील. पान बघायचंच. वाचता येत नसेल तर वाचणारं पोर बरोबर न्यायचं.